पाळीवरची चाल

आसगावात मोना काटेखायेला दोन गोष्टी विचारायच्या नाहीत, हे एव्हाना सगळ्यांना कळून चुकलं होतं. लग्नाचं काय झालं, ही एक, आणि कार्टून कुठवर आलं, ही दुसरी. पहिल्या प्रश्नाला ती निदान पाठ फिरवून निघून तरी जायची. दुसऱ्याला मात्र थांबायची, आणि विचारणाऱ्याचा असा पाणउतारा करायची की पानठेल्यावर आलेला माणूस पान न खाताच घरी जायचा. ही पोरगी नाकावर राग घेऊनच जन्माला आली, असं तिचे वडील लक्ष्मणराव म्हणत. त्यांनी तरी बोलू नये. राग घरातलाच होता, हिने तो फक्त नागपूरला नेऊन शिकवून आणला.

नागपूरच्या कॉलेजात ती चित्रकला शिकली आणि मग हैदराबादला एका स्टुडिओत लागली. तिथे लहान मुलांच्या मालिकेतला एक ससा तिच्या वाट्याला आला. पूर्ण ससा नव्हे, सशाचे कान. ससा पळाला की कान मागे, घाबरला की ताठ, रडला की खाली. बाकीचा ससा दुसरे लोक काढत. काही वर्षं कान काढून झाल्यावर एका दुपारी साहेबाने तिला सांगितलं, कान जरा आनंदी कर. मोनाने त्याला जे उत्तर दिलं ते इथे लिहिण्यासारखं नाही. त्याच आठवड्यात ती पेटी घेऊन गावी परत आली, आणि लक्ष्मणरावांनी तिला बसस्टँडवर चारचौघांत विचारलं, "आता अठी काय करशीन? म्हशीचे कान काढशीन?"

लोक हसले. मोनाने पेटी उचलली आणि बापाच्या पुढून चालू लागली.

मोना लहान असतानाच तिची आई गेली होती. तिला वाढवलं ते राधाबाईने. राधाबाई म्हणजे लक्ष्मणरावांच्या थोरल्या भावाची बायको, मोनाची मोठी माय. तीही तरुणपणीच विधवा झालेली, पोटी मूल नाही. एकाच अंगणात दोन घरं होती. पुढचं लक्ष्मणरावांचं, त्यावर स्लॅब पडला होता, खाली टाइल्स आल्या होत्या. मागचं राधाबाईचं, ते अजून मातीचं. मोनाने पेटी नेऊन ठेवली ती मागच्या घरात, आणि राधाबाईने काहून आली, कायले आली, काही न विचारता तिच्यापुढे भात वाढला. त्या गावात काही न विचारता भात वाढणारी ती एकच बाई होती.

मागच्या घराच्या सपरीत, म्हणजे पडवीत, एक लांब मातीची भिंत होती. मोनाचा कागद तोच. चुलीतला कोळसा घेऊन ती भिंतीवर चार रेघांत एक माणूस काढायची. समोर फोन पक्का बांधलेला असायचा, त्याने फोटो घ्यायची. मग ते चित्र पुसायचं, वरून पांढऱ्या मातीचा पोतारा फिरवायचा, वाळू द्यायचं, आणि तोच माणूस कणभर पुढे सरकवून पुन्हा काढायचा. पुन्हा फोटो. असे फोटो एकामागे एक भरभर पळवले की रेघा चालू लागतात. पण मातीवरचं पुसलेलं कधी पूर्ण पुसलं जात नाही. जुन्या रेघेची राखाडी सावली वर येत राहते, त्यामुळे तिच्या फिल्ममधला माणूस जिथून जिथून चालत आला तिथे थोडा थोडा मागे राहिलेला दिसायचा. तिला तेच हवं होतं. हे कॉम्प्युटरवर दोन मिनिटांत होते, असं कुणी म्हटलं की तिच्या अंगाचा तिळपापड व्हायचा.

पोतारा फिरवायचं काम राधाबाईचं. तिचा हात त्यात मुरलेला होता. फोटो झाला की मोना ओरडायची, "झालं, पूस," आणि राधाबाई फडकं बुडवून भिंतीवर फिरवायची. सुरुवातीला तिच्या जिवावर यायचं, पोरीने एवढं नेटाने काढलेलं पुसायला. मग सवय झाली. शेजारच्या ललिताबाईने विचारलं की ती हसून सांगायची, "पोरगी काढून राहिली, मी मिटवून राहिली. आमचं दोघीचं असंच चालते."

मोनाची पहिली फिल्म रोवणीची, धानाच्या लावणीची होती. बांधीत, म्हणजे धानाच्या वाफ्यात, फेकलेल्या रोपांच्या पेंढ्या हवेतच वाकलेल्या बाया होतात, आणि बाया खाली पडता पडता पुन्हा पेंढ्या. दुसरीत तर धानाच्या तनसीचा, वाळल्या काडाचा, नुसता एक ढीग होता, तो श्वास घेतो, आणि बस्स, एवढंच. गावात लग्नामुंजींना डीजे लावणारा बंटी आहे, त्याने ती मोबाइलवर पाहिली आणि विचारलं, "याच्यात स्टोरी काय हाय?"

"तुया जिंदगीत काय स्टोरी हाय?" मोना म्हणाली.

तिचे नियम होते, आणि ते तिने रागारागातच केलेले होते. गोष्ट नाही. बोलणं नाही. गाणं तर नाहीच. आणि चेहरा कधीच नाही. चेहरा काढला की लोक चेहराच बघत बसतात आणि माणूस बघायचा राहून जातो, असं तिचं म्हणणं. सशाच्या कानांनी तिला चेहऱ्याचा वीट आणला होता. ती काढायची फक्त चाल. माणूस टाच कशी टेकतो, खांदा कुठे पाडतो, हात किती लांब नेतो. ही नजर तिने कुठल्या कॉलेजातून आणली नव्हती. धानाच्या गावात पोर रांगायला लागलं की त्याला ती येते. बांध्यांच्या पलीकडे, पार टोकाला, एक ठिपका हलताना दिसला की धुऱ्यावर, शेताच्या बांधावर बसलेला माणूस सांगतो, कोण येऊन राहिलं ते. नाक-डोळे फार उशिरा दिसतात. तोवर ओळख पटून, त्याच्याविषयी दोन वाईटसाईट शब्द बोलूनही झालेले असतात. हैदराबादला गेल्यावर मोनाच्या लक्षात आलं की शहरातल्यांना हे येत नाही, आणि तेव्हापासून ती ते स्वतःचंच समजायला लागली.

तिसऱ्या फिल्मचं नाव ‘पाळ’, म्हणजे तळ्याचा मातीचा बांध. तळ्याच्या पाळीवर एका टोकाने एक रेघाटी बाई येते, दुसऱ्या टोकाने एक रेघाटी माणूस. मध्ये भेटतात, बसतात, दोघांचा मिळून एक लहानसा ढीग होतो. मग ढिगातून दोघं सुटतात आणि आपापल्या टोकाला परत जातात. पुन्हा येतात. पाणी चढतं, उतरतं, तळं आटतं, भरतं, ही दोघं येत राहतात. हे करायला तिला दोन पावसाळे लागले. बाहेरदेशीच्या एका महोत्सवात ती निवडली गेली, बक्षीस मिळालं, आणि तिथल्या परीक्षकांनी लिहिलं की यात मरणाच्या दिशेने चाललेला मानव दिसतो. मोनाने ते वाचलं आणि तोंड वाकडं केलं. मानव म्हणे! ती राधाबाई होती.

कारण खरं ते असं होतं. राधाबाई रोज दिवस कलला की एका डब्यात भात आणि लाखोरीची डाळ घेऊन तळ्याच्या पाळीवर जायची. तळ्यातल्या मासळीची राखण करायला भैयाजी नावाचा एक माणूस पाळीच्या पलीकडच्या टोकाला झोपडीत राहत होता. एकटा, जात वेगळी, एक पाय बैलबंडीखाली सापडून आखूड झालेला. तो झोपडीतून निघायचा, ही घरून निघायची. मध्ये एका दगडावर दोघं बसत, तो जेवायचा, ती बोलायची, दिवा लागायच्या आत आपापल्या वाटेने परत. इतकंच. त्यापलीकडे काही होतं की नव्हतं, कुणाला माहीत नाही, आणि मोनानेही कधी विचारलं नाही. पण लहानपणापासून तिने मोठ्या मायची ती चाल पाहिली होती. शेतावर जाताना राधाबाई एक खांदा पुढे काढून, दार ढकलल्यासारखी चालायची. पाळीवर चढली की तोच खांदा मागे जायचा. उजवा हात मोकळा सुटायचा. पाऊल पडायच्या आधी जरासं हवेत थांबायचं. त्या बाईच्या अख्ख्या दिवसात आनंद म्हणून जे काही होतं ते त्या पावलात होतं, आणि मोनाने ते पाऊल उचलून भिंतीवर लावलं.

भैयाजीच्या बाबतीत तिने हुशारी केली. त्याचं लंगडणं काढून टाकलं. चेहरे नाहीत, नावं नाहीत, लंगडा पायही नाही, आता कोण काय म्हणणार?

दिवाळीनंतरच्या मंडईची तयारी सुरू झाली. मंडई म्हणजे गावची वर्षाची जत्राच. पाहुणेरावळे येतात, दुकानं लागतात, दंडारीचा नाच होतो, रात्री नाटक. लक्ष्मणराव मंडई समितीचे अध्यक्ष. पोरीच्या बक्षिसाची बातमी पेपरात कोपऱ्यात का होईना आली होती, आणि ज्यांनी बसस्टँडवर हसून घेतलं त्यांच्या तोंडावर ती मारायची संधी त्यांना सोडवेना. हसवलं त्यांनीच होतं, ते सोयीने विसरले. "नाटकाच्या आधी तुयी पिच्चर दाखवू," ते मोनाला म्हणाले. "पाहू दे लोकायले."

मोनाने नकार द्यायला हवा होता. पण तिने होकार दिला, आणि का दिला तेही सांगून टाकलं पाहिजे. तिला वाटलं, या लोकांना काय कळणार आहे? चार मिनिटं आ वासून बसतील, काही समजणार नाही, मग तोंड बंद ठेवतील. गावाला एकदा असं गप्प बसलेलं बघायची तिला फार हौस होती.

मंडईच्या आदल्या दिवशी राधाबाई तांदूळ निवडत बसली होती. तिने मान वर न करता विचारलं, "माया त काही नाही ना व त्याच्यात?"

तिने ती फिल्म पाहिलीच नव्हती. झाल्यावर दाखवीन, असं मोना दोन वर्षं सांगत आली आणि झाल्यावर विसरली, किंवा विसरल्याचं सोंग केलं. भिंतीवरचं एकेक चित्र राधाबाईने पाहिलं होतं, पुसलंही होतं, पण थांबलेल्या चित्राला चाल नसते. त्यात तिला एक काळी बाई दिसायची, बस.

"त्याच्यात कोणीच नाही," मोना म्हणाली. "रेघा आहेत."

"मंग ठीक हाय," राधाबाई म्हणाली आणि सुपातला खडा बाहेर टाकला.

मंडईच्या दिवशी अंधार पडू लागताच बंटीने नाटकाच्या मंडपात पांढरी चादर बांधली आणि प्रोजेक्टर लावला. एका बाजूला बायका, एका बाजूला पुरुष, पुढे पोरंसोरं. राधाबाई बायकांत मधोमध बसली होती, इस्त्रीचं लुगडं नेसून, कारण पोरीचा मान होता. लक्ष्मणरावांनी माइकवर भाषण केलं. बाहेरदेश हा शब्द त्यात बऱ्याच वेळा आला. मग चादरीवर पाळ उमटली.

पहिल्यांदा शिट्ट्या झाल्या. मग कुणीतरी ओरडलं, "आवाज वाढव गा बंटी," आणि बंटी म्हणाला, "आवाज नाहीच हाय." थोडा हशा झाला. मोना मंडपाच्या खांबाला टेकून उभी होती, हाताची घडी घालून, ओठावर ते तिचं नेहमीचं तिरकं हसू. चादरीवरची बाई पाळीवर चढली. खांदा मागे गेला, हात सुटला, पाऊल हवेत जरासं थांबलं.

"अव माय!" ललिताबाईचा आवाज आला. "हे त राधाबाई होय!"

मंडप एकदम गप्प झाला. मोनाला हवं होतं तसं नव्हे. जाळ्यात मासा सापडल्यावर माणसं गप्प होतात तसं. पलीकडच्या टोकाने दुसरी आकृती निघाली, तिचा पाय सरळ होता, पण त्या पाळीवर त्या टोकाने दुसरं येणार कोण? पुरुषांच्या बाजूने कुणी तरी हळूच नाव घेतलं. मग दुसऱ्याने मोठ्याने घेतलं. मग हसू फुटलं ते आवरेना. "कशी लचकून राहिली पाहा." "तरीच म्हणलं डबा रोज कोठी जाते." चादरीवरची बाई येत होती, जात होती, येत होती, आणि प्रत्येक फेरीला गाव तिला नव्याने ओळखत होतं.

मोना बंटीकडे धावली. "बंद कर!"

"काहून? चांगली चालून राहिली," बंटी म्हणाला. तो कशाविषयी बोलत होता, फिल्मविषयी की बाईविषयी, ते त्यालाच ठाऊक. तिने वायर ओढून काढली तेव्हा ढीग दुसऱ्यांदा सुटत होता.

दिवे लागले. सगळ्या माना राधाबाईकडे वळलेल्या. ती उठली. उठून उभी राहिली खरी, पण मंडपाबाहेर जायचं तर चालावं लागणार होतं, आणि अख्खं गाव तिच्या पावलांकडे बघत होतं. "चाल ना व राधाबाई," मागून एक बाई म्हणाली, "चालून दाखव." राधाबाईने एक पाय उचलला, तो तसाच खाली ठेवला, आणि ती परत खाली बसली. मग नाटक सुरू झालं. राधाबाईने ते बसून पाहिलं. लोक उठून गेले, मंडप रिकामा झाला, तेव्हा कुठे ती उठली.

दुसऱ्या दिवशी लक्ष्मणरावांनी मोनाला अंगणात गाठलं. तिला वाटलं, आता जातीवरून, अब्रूवरून, भैयाजीवरून आरडाओरडा होणार, आणि तिने तोंडाला तोंड द्यायची तयारीही केली होती. "मी नाव घेतलं काय कोणाचं? चेहरा काढला काय?" तिने आधीच सुरू केलं.

"आमाले माहीत नोहोतं काय?" लक्ष्मणराव म्हणाले. त्यांचा आवाज बसला होता. "वीस वर्सापासून माहीत हाय. तिचा दीर हावो मी. वहिनी जाते हे गावाले माहीत होतं. पण कोणी पाह्यलं नाही. पाहाचं नसते! तू पाह्यलं. जाते हे नाही दाखवलं तुनं. कशी जाते हे दाखवलं."

मोना त्याने जास्तच चिडली. तो सगळा महिना ती गावाशी भांडत राहिली. ललिताबाईला तिने नळावर असं काही सुनावलं की दोघींच्या घागरी तिथेच राहिल्या. बंटीने फिल्मचा तुकडा कापून, त्यावर एक उडतं गाणं चढवून गावच्या ग्रुपवर टाकला होता. त्याच्या दुकानात जाऊन ती म्हणाली, "माह्या कामाची वाट लावली तुनं." बंटी शांतपणे म्हणाला, "तुनं इचारून काढलं होतं काय? तू कलाकार, मी बी कलाकार." रस्त्यावर टवाळ पोट्टे खांदा मागे टाकून, हात सोडून, पाऊल हवेत थांबवत चालायचे आणि एकमेकांच्या अंगावर पडून हसायचे. मोना त्यांच्यावर दगड घेऊन धावली. आणि धावता धावता तिच्या लक्षात आलं, की पोट्टे ती चाल राधाबाईवरून नाही, तिच्या फिल्मवरून शिकले होते.

राधाबाईने पाळीवर जाणं सोडलं. डबा फळीवर पालथा पडून राहिला.

तळ्याचं काम बघणाऱ्या मंडळींनी भैयाजीला दुसऱ्या गावच्या तळ्यावर पाठवलं. का, ते कुणी बोललं नाही. जायच्या दिवशी तो अंगणाच्या फाटकाशी आला. आत आला नाही. मोना बाहेर गेली. तो शिव्या देईल असं तिला वाटत होतं, आणि दिल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

"माया पाय कायले सरळ केला तुनं?" त्याने विचारलं.

"कोणी ओळखू नये म्हणून."

"ओळखलं ना त. मंग लंगडाच ठेवाचा होता. मले त्याची लाज नोहोती, तिले बी नोहोती." त्याने मागच्या घराकडे एकदा पाहिलं. दार लोटलेलं होतं. "तुले होती," असं म्हणून तो आपला आखूड पाय टाकत गेला.

मागच्या घरात मोनाला दोन वेळा भात मिळत होता. राधाबाई वाढायची आणि पाठ करून बसायची. एका सकाळी थप थप आवाजाने मोनाला जाग आली. ती सपरीत आली तर राधाबाई शेणाचा गोळा घेऊन भिंतीवर गोवऱ्या थापत होती. कोपऱ्यापासून सुरुवात करून, ओळीने. अर्धी भिंत भरली होती. गोवऱ्या आजवर मागच्या कुंपणाला थापल्या जायच्या, घराच्या भिंतीला कधीच नाही.

"मोठी माय, भिंत…"

"भित मायी होय," राधाबाई म्हणाली आणि पुढचा गोळा थापला.

"मी नाव घेतलं नाही कुठे. रेघाच आहेत त्या."

"मंग गावानं कोणाले पाह्यलं?" राधाबाईने पहिल्यांदा तिच्याकडे तोंड केलं. "मी इचारलं होतं तुले. तांदूळ निवडता निवडता इचारलं होतं."

"तू नाही म्हटलं असतं."

"हो. नाही म्हणली असती. म्हून त सांगतलं नाही तुनं." तिने हात परातीत घातला. "अना मिटवाले मलेच लावलं. दोन वर्सं. झालं, पूस. झालं, पूस. मी पुसत गेली. मले वाटे, पोरीचं काम होय."

मोनाने माफी मागितली नाही. तिला ती मागता येत नसे, बापालाही येत नाही. ती म्हणाली, "मी ती फिल्म सगळीकडून काढून टाकते."

"लोकाच्या डोस्क्यातून काढशीन?" राधाबाई म्हणाली, आणि उरलेली भिंत भरून टाकली.

उन्हाळी धानाची रोवणी उरकली. मोना पुढच्या घरात राहायला गेली, बापाच्या टाइल्सवर. नवीन काम सुचत नव्हतं. महोत्सवाच्या लोकांची पत्रं यायची, पुढे काय करताय म्हणून, त्यांना ती उर्मट उत्तरं लिहायची किंवा लिहायचीच नाही. संध्याकाळी स्लॅबवर जाऊन उभी राहायची. तिथून सगळ्या बांध्या दिसतात आणि त्यापलीकडे तळ्याची पाळ, रिकामी.

एका संध्याकाळी बांध्यांच्या टोकाला एक बाई येताना दिसली. मोनाने सवयीने नाव शोधलं आणि तिला नाव सापडेना. असं कधी झालं नव्हतं. गावातली एकेक बाई तिने मनातल्या मनात त्या ठिपक्यावर लावून पाहिली, एकही बसेना. बाहेरगावची असेल, कुणाकडे पाहुणी आलेली. पण काय चालत होती! दोन्ही हात अंगाला घट्ट लावलेले. पावलं आखूड, सारखी, धुऱ्याला जेमतेम घासत जाणारी. खांदे हलत नाहीत, मान हलत नाही. डोक्यावर काही नाही आणि तरी भरली घागर घेतल्यासारखी ती येत होती. कुठल्याही बाईची नसलेली, कुणाचीच नसलेली चाल. मोनाच्या बोटांत कळ आली. किती तरी महिन्यांनी तिला काम दिसलं होतं. तिने फोन काढला, कठड्यावर टेकवला आणि शूटिंग सुरू केलं. ही चाल घ्यायचीच, ती मनाशी म्हणाली, या गावच्या बापालाही ओळखता येणार नाही अशी आहे.

बाई बांध्या ओलांडून रस्त्याला लागली. रस्त्यावरून वळली. काटेखायेंच्या फाटकाशी आली, आणि फाटक उघडायला तिने हात अंगापासून सोडवला तेव्हा चेहरा दिसला. ती राधाबाई होती. एकट्या बाईने, बंद दाराआड, किती दिवस मागच्या घरात येरझारा घालून ही चाल शिकून घेतली असेल, ते कुणी पाहिलं नव्हतं.

राधाबाईने वर पाहिलं. कठड्यावरचा फोन तिला दिसला. ती रागावली नाही, थांबलीही नाही.

"घे," ती म्हणाली. "आता हेबी घे."

आणि तीच आखूड पावलं टाकत ती मागच्या घराकडे गेली. मोनाने फोन खाली केला. डोळ्यांत पाणी आलं होतं, आणि तरी त्या डोळ्यांनी तोवर टाच, खांदा, मान सगळं घेऊन टाकलं होतं.